वय गेलं म्हणजे नेमकं काय? – जिम्नॅस्ट आग्नेश केलेती यांची कारकीर्द



आजचा पाठ पाठ्यपुस्तकातला नाही. तो एका मुलीच्या प्रश्नातून सुरू झाला. गेल्या महिन्यात मधल्या सुट्टीत आठवीतली एक विद्यार्थिनी माझ्याजवळ आली आणि म्हणाली, "मॅडम, तेरा वर्षं म्हणजे जास्त का हो?"

मला आधी प्रश्नच कळला नाही. मग हळूहळू सगळं बाहेर आलं. ती दुसरीपासून जिम्नॅस्टिक्स शिकत होती. मध्ये हात मोडला, प्लास्टर झालं, मग घरच्या अडचणी आल्या आणि जवळजवळ दीड वर्ष खेळ बंद पडला. आता पुन्हा जायला लागली, तर तिथे कुणीतरी सहज बोलून गेलं, "आता काय उपयोग? वय गेलं तुझं. या खेळात पाच-सहा वर्षांच्या मुली लागतात."

मी त्या वेळी "असं काही नसतं गं" म्हणून वेळ मारून नेली. पण घरी गेल्यावर चैन पडेना. असं काही नसतं, हे मी कशाच्या जोरावर म्हणाले? तिला गोड बोलून समजूत नको होती, तिला खरं उत्तर हवं होतं. म्हणून त्या रात्री वाचत बसले आणि दुसऱ्या दिवशी वर्गात फळ्यावर एक नाव लिहिलं: आग्नेश केलेती.

तोच पाठ आज तुमच्यासाठी इथे देत आहे. वाचताना वही-पेन्सिल जवळ ठेवा, कारण मध्ये थोडी वजाबाकी करायची आहे!

१. आधी खेळ समजून घेऊया

पुण्यातल्या मुलांना शरीराची ही भाषा अनोळखी नाही. गणेशोत्सवाच्या मिरवणुकीत तुम्ही मल्लखांबाची प्रात्यक्षिकं पाहिली असतील. टिळक रोडवरच्या महाराष्ट्रीय मंडळासारखी संस्था १९२४ पासून इथे मुलांना व्यायामाची गोडी लावते आहे. बालेवाडीच्या क्रीडा संकुलात २००८ मध्ये राष्ट्रकुल युवा स्पर्धा झाल्या. मल्लखांबावर जशी पकड, तोल आणि लवचिकता लागते, तशीच ती जिम्नॅस्टिक्समध्येही लागते. फरक साधनांचा.

मुलींच्या आर्टिस्टिक जिम्नॅस्टिक्समध्ये चार साधनं असतात:

• व्हॉल्ट – धावत यायचं, फळीवर उडी घ्यायची, टेबलावर हात टेकवून हवेत गिरकी घ्यायची आणि पायांवर उतरायचं. सगळा खेळ काही सेकंदांचा.

• अनइव्हन बार्स – एक दांडी उंच, एक खाली. झोके घेत एकीवरून दुसरीवर जायचं.

• बॅलन्स बीम – जमिनीपासून सव्वा मीटर उंच, पाच मीटर लांब आणि फक्त १० सेंटीमीटर रुंद तुळई. म्हणजे तुमच्या वहीपेक्षाही अरुंद! तिच्यावर चालायचं, उड्या मारायच्या, कोलांट्या घ्यायच्या.

• फ्लोअर – १२ मीटर लांब-रुंद चौकोनात संगीताच्या तालावर उड्या आणि नृत्य यांचा मेळ.

ही आजची मापं आहेत. आपण ज्या काळात जाणार आहोत त्या काळात साधनं साधी होती, फ्लोअरखाली आजच्यासारख्या स्प्रिंगा नव्हत्या. हे लक्षात ठेवा, पुढे उपयोगी पडेल.

२. बुडापेस्टची आग्नेश क्लाइन

नकाशावर युरोपच्या मध्यभागी हंगेरी शोधा. आकाराने महाराष्ट्राच्या एक तृतीयांशाहूनही लहान देश. डॅन्यूब नदीच्या दोन्ही काठांवर त्याची राजधानी बुडापेस्ट वसलेली आहे. तिथे ९ जानेवारी १९२१ रोजी एका ज्यू कुटुंबात आग्नेशचा जन्म झाला. तिचं मूळ आडनाव क्लाइन. पुढे तिने ते बदलून केलेती असं हंगेरियन आडनाव घेतलं.

आग्नेशला दोन गोष्टी मनापासून आवडायच्या: चेलो हे व्हायोलिनच्या कुळातलं मोठं वाद्य आणि जिम्नॅस्टिक्स. लहानपणीच ती या खेळाकडे वळली. सोळाव्या वर्षी, म्हणजे १९३७ मध्ये, ती हंगेरीची राष्ट्रीय विजेती झाली. सोळाव्या वर्षी! आपल्याकडे त्या वयात आपण दहावीच्या निकालाची वाट पाहत असतो.

आता कुणालाही वाटेल की पुढचा रस्ता सरळ आहे. १९४० मध्ये ऑलिम्पिक होणार होतं, तेव्हा आग्नेश एकोणीस वर्षांची असणार होती. ऐन उमेदीचं वय. तयारी सुरू झाली.

३. फळ्यावरची वजाबाकी

इथे मी वर्गाला थांबवलं आणि फळ्यावर हा तक्ता लिहिला. तुम्हीही वहीत लिहा. जन्मवर्ष १९२१ धरून प्रत्येक ऑलिम्पिकच्या वेळी आग्नेशचं वय काढा.

१९४० – वय १९ – ऑलिम्पिक रद्द. कारण दुसरं महायुद्ध.
१९४४ – वय २३ – ऑलिम्पिक रद्द. युद्ध चालूच.
१९४८ – वय २७ – ?
१९५२ – वय ३१ – ?
१९५६ – वय ३५ – ?

मुलं म्हणाली, "मॅडम, पहिली दोन तर गेलीच." मी म्हटलं, "हो, आणि नुसती स्पर्धाच गेली असती तर बरं होतं."

४. जेव्हा खेळाडू असणं पुरत नाही

हंगेरीत १९३८ पासून ज्यूंच्या विरोधात एकामागून एक कायदे होऊ लागले. कोणी कुठली नोकरी करायची, कोणी कुठे शिकायचं, यावर बंधनं आली. १९४१ च्या सुमारास आग्नेशला तिच्या क्लबमधून काढून टाकलं. कारण काय? तिची कामगिरी खराब होती? नाही. ती शिस्त मोडत होती? नाही. ती ज्यू होती, एवढंच.

मार्च १९४४ मध्ये हिटलरच्या जर्मनीने हंगेरीचा ताबा घेतला. त्याच वर्षी मे ते जुलै या काही आठवड्यांत चार लाखांहून अधिक हंगेरियन ज्यूंना रेल्वेच्या डब्यांत कोंबून देशाबाहेर पाठवलं गेलं. त्यातल्या बहुतेकांचं ठिकाण एकच होतं: ऑशविट्झची छळछावणी. त्यांतले बहुसंख्य परत आले नाहीत. आग्नेशचे वडील आणि इतर काही नातेवाईक तिथेच मारले गेले.

मग आग्नेश कशी वाचली? तिने पिरोश्का युहास नावाच्या एका ख्रिश्चन मोलकरणीची ओळखपत्रं पैसे देऊन मिळवली. नाव बदललं, वागणं-बोलणं बदललं आणि एका खेड्यात जाऊन घरकाम करणारी बाई म्हणून राहिली. विचार करा, राष्ट्रीय विजेती! कालपर्यंत बीमवर तोल सांभाळणारी मुलगी आता भांडी घासत होती आणि रोज एकच तोल सांभाळत होती: आपण कोण आहोत हे कुणाला कळू द्यायचं नाही.

तिची आई आणि बहीण राउल वॉलेनबर्ग या स्वीडिश अधिकाऱ्याच्या मदतीमुळे वाचल्या. वॉलेनबर्ग यांनी स्वीडनच्या संरक्षणाची पत्रं देऊन बुडापेस्टमधल्या हजारो ज्यूंचे प्राण वाचवले होते.

१९४४-४५ च्या हिवाळ्यात बुडापेस्टला सैन्याचा वेढा पडला. त्या दिवसांत आग्नेश सकाळी रस्त्यावर पडलेली प्रेतं उचलून सामूहिक कबरीकडे नेण्याचं काम करत होती. तेव्हा तिचं वय चोवीसच्या आसपास होतं.

वर्ग इथे अगदी शांत झाला होता. एका मुलाने विचारलं, "मॅडम, मग ती प्रॅक्टिस कधी करायची?" साधाच प्रश्न, पण बरोबर प्रश्न. उत्तर असं की त्या वर्षांत खेळाचा विचार करण्याची चैनच नव्हती. जगायचं कसं, एवढाच सराव होता.

५. पुन्हा पहिल्यापासून

१९४५ मध्ये युद्ध संपलं. आग्नेश पुन्हा बुडापेस्टमध्ये होती. वडील नव्हते. पोट भरायला ती चेलो वाजवू लागली आणि जोडीला जिम्नॅस्टिक्सचा सराव पुन्हा सुरू केला.

तिच्या वयाच्या किती जणींनी या टप्प्यावर खेळ सोडून दिला असेल? आणि सोडला असता तर कोण नावं ठेवणार होतं? पण ती परतली. पुढच्या वर्षांत देशात ती पुन्हा अव्वल ठरू लागली. पूर्ण कारकिर्दीत तिने दहा वेळा हंगेरीचं राष्ट्रीय अजिंक्यपद मिळवलं.

१९४८ मध्ये लंडनला ऑलिम्पिक भरलं. बारा वर्षांनंतरचं पहिलं ऑलिम्पिक. आग्नेश हंगेरीच्या संघात निवडली गेली. आता तक्त्यातल्या पहिल्या प्रश्नचिन्हाचं उत्तर देऊया.

१९४८ – वय २७ – घोट्याचं लिगामेंट फाटलं. खेळताच आलं नाही.

आमच्या वर्गात यावर एकदम "अरेरे!" झालं. युद्धातून वाचली, खेळात परत आली आणि दारातून मागे फिरली. आता सांगा, कुणी तिला "वय गेलं तुझं" म्हटलं असतं तर चुकीचं वाटलं असतं का? सत्तावीस वर्षांची जिम्नॅस्ट, पाय दुखावलेला आणि पुढचं ऑलिम्पिक चार वर्षांनी.

६. हेलसिंकी १९५२: एकतीस वर्षांची नवोदित

१९५२ चं ऑलिम्पिक फिनलंडमधल्या हेलसिंकीत झालं. मजा बघा, युद्धामुळे रद्द झालेलं १९४० चं ऑलिम्पिक शेवटी ज्या शहरात व्हायचं ठरलं होतं, तेच हे शहर. म्हणजे आग्नेश तिथे बारा वर्षं उशिरा पोहोचली होती.

ऑलिम्पिकमध्ये महिलांना प्रत्येक साधनासाठी स्वतंत्र वैयक्तिक पदकं याच वर्षी सुरू झाली. एकतीस वर्षांच्या आग्नेशचं हे पहिलंच ऑलिम्पिक. निकाल असा:

• फ्लोअर – सुवर्ण
• सांघिक – रौप्य
• अनइव्हन बार्स – कांस्य
• हातातल्या साधनांसह सांघिक कवायत – कांस्य

(शेवटचा प्रकार आता ऑलिम्पिकमध्ये नाही. चेंडू, रिंग अशी साधनं हातात घेऊन पूर्ण संघाने एका तालात करायची ती रचना असायची. आजच्या रिदमिक जिम्नॅस्टिक्सची ती जवळची नातेवाईक म्हणता येईल.)

आपल्याला हेलसिंकी आणखी एका कारणासाठी माहीत आहे. ओळखा बरं! हो, खाशाबा जाधव. कराडजवळच्या गोळेश्वर गावचे हे पैलवान त्याच ऑलिम्पिकमध्ये कुस्तीत कांस्यपदक घेऊन आले. स्वतंत्र भारताचं ते पहिलं वैयक्तिक ऑलिम्पिक पदक. त्यांना हेलसिंकीला जाता यावं म्हणून गावकऱ्यांनी वर्गणी काढली होती आणि कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपलं घर गहाण ठेवून पैसे उभे केले होते. खाशाबा १९४८ च्या लंडन ऑलिम्पिकमध्येही खेळले होते, तिथे ते सहावे आले होते. म्हणजे बुडापेस्टची आग्नेश आणि गोळेश्वरचे खाशाबा, दोघांनाही लंडन पावलं नाही आणि दोघांनाही हेलसिंकी पावलं. दोघांची एकमेकांशी ओळख नव्हती, अडचणीही वेगळ्या होत्या. पण त्या उन्हाळ्यात दोघं एकाच शहरात होते, ही गोष्ट मला फार आवडते.

दोन वर्षांनी, १९५४ मध्ये रोमच्या जागतिक स्पर्धेत आग्नेशने अनइव्हन बार्सचं विश्वविजेतेपद पटकावलं.

७. मेलबर्न १९५६: शेवटचं प्रश्नचिन्ह

आता तक्त्याची शेवटची ओळ. वय ३५.

पण या वेळीही इतिहासाने तिला स्वस्थ बसू दिलं नाही. ऑक्टोबर १९५६ मध्ये हंगेरीतल्या लोकांनी सोव्हिएत वर्चस्वाविरुद्ध उठाव केला. नोव्हेंबरच्या सुरुवातीला सोव्हिएत रणगाडे बुडापेस्टमध्ये शिरले आणि उठाव चिरडला गेला. हंगेरीचे खेळाडू त्याच दिवसांत ऑस्ट्रेलियाला पोहोचत होते. घरी काय चाललंय, आपली माणसं सुखरूप आहेत का, काही कळायला मार्ग नव्हता. आणि स्पर्धेत समोर कोण? सोव्हिएत संघ! वॉटर पोलोच्या सामन्यात तर हंगेरी आणि सोव्हिएत खेळाडूंमध्ये पाण्यातच हाणामारी झाली, एका हंगेरियन खेळाडूच्या चेहऱ्यातून रक्त वाहू लागलं. तो सामना आजही त्याच कारणासाठी ओळखला जातो.

त्याच आठवड्यात जिम्नॅस्टिक्सचे सामने चालू होते. आग्नेशसमोर सोव्हिएत संघाची लारिसा लातिनिना होती. वय एकवीस. म्हणजे आग्नेशपेक्षा जवळजवळ चौदा वर्षांनी लहान. पुढे हीच लातिनिना १८ ऑलिम्पिक पदकं मिळवून जगातल्या सर्वात यशस्वी खेळाडूंमध्ये गणली गेली.

निकाल लिहून घ्या:

• अनइव्हन बार्स – सुवर्ण
• बॅलन्स बीम – सुवर्ण
• फ्लोअर – सुवर्ण (लातिनिनासोबत विभागून)
• हातातल्या साधनांसह सांघिक कवायत – सुवर्ण
• वैयक्तिक सर्वंकष – रौप्य
• सांघिक – रौप्य

चार साधनांपैकी तीन साधनांवर सुवर्ण! फक्त व्हॉल्टवर तिला पदक मिळालं नाही आणि तिथेच सर्वंकष स्पर्धेतलं सुवर्ण निसटलं. लातिनिनाचे गुण ७४.९३३, केलेतीचे ७४.६३३. फरक ०.३०० चा.

तरीही त्या ऑलिम्पिकमधली सर्वात यशस्वी खेळाडू तीच ठरली. सहा पदकं. हेलसिंकीची चार धरून एकूण दहा, त्यांपैकी पाच सुवर्ण. आणि पस्तिसाव्या वर्षी जिम्नॅस्टिक्समध्ये ऑलिम्पिक सुवर्ण जिंकणारी ती सर्वात मोठ्या वयाची महिला ठरली. तो विक्रम आजही तिच्याच नावावर आहे.

८. पदकांनंतर: केलेती मॅडम

स्पर्धा संपल्यावर आग्नेश हंगेरीला परतली नाही. तिच्यासह चाळीसहून अधिक हंगेरियन खेळाडूंनी ऑस्ट्रेलियात आश्रय मागितला. १९५७ मध्ये ती इस्राएलला गेली. आई आणि बहीणही पुढे तिच्याकडे आल्या. १९५९ मध्ये हंगेरीहूनच आलेल्या एका शारीरिक शिक्षणाच्या शिक्षकाशी तिने लग्न केलं. त्यांना दोन मुलगे झाले.

आता यापुढे मी "ती" न म्हणता "त्या" म्हणते, कारण आता त्या आपल्या व्यवसायात आल्या. त्या शिक्षिका झाल्या! इस्राएलमधल्या विंगेट या क्रीडा संस्थेत त्यांनी तीस वर्षांहून अधिक काळ शिकवलं, राष्ट्रीय संघाला प्रशिक्षण दिलं. त्या देशात जिम्नॅस्टिक्सची पायाभरणी करणाऱ्यांत त्यांचं नाव घेतलं जातं.

१९८३ मध्ये बुडापेस्टला जागतिक जिम्नॅस्टिक्स स्पर्धा झाली, त्या वेळी इतक्या वर्षांनी त्यांनी पुन्हा मायदेशात पाऊल टाकलं. आयुष्याची शेवटची वर्षं त्या बुडापेस्टमध्येच राहिल्या. नव्वदी उलटल्यावरही आजीबाई पाय पूर्ण फाकवून दाखवायच्या आणि समोरच्यांनी आ वासला की हसायच्या. २ जानेवारी २०२५ रोजी, वयाची १०४ वर्षं पूर्ण व्हायला एक आठवडा बाकी असताना, त्यांचं निधन झालं. त्या वेळी जिवंत असलेल्या ऑलिम्पिक विजेत्यांमध्ये त्या सर्वात वयोवृद्ध होत्या.

९. मग या पाठातून काय घ्यायचं?

विद्यार्थी मित्रांनो, इथे सावध राहा बरं का. निबंधात अशी गोष्ट आली की आपण लगेच शेवटी लिहितो, "जिद्दीपुढे काहीही अशक्य नाही." माझ्या वर्गातही चार-पाच जणांनी हेच लिहिलं. मी त्या वाक्याखाली लाल रेघ मारली.

का? कारण ते पूर्ण खरं नाही. आग्नेशच्या वडिलांकडे जिद्द नव्हती असं आपण म्हणू शकतो का? ऑशविट्झला गेलेल्या लाखो माणसांमध्ये किती खेळाडू, किती वादक, किती हुशार मुलं असतील? त्यांची जिद्द कमी पडली म्हणून ती गेली नाहीत. त्यांना मारलं गेलं. आग्नेश वाचली त्यात तिची हुशारी होती, धैर्य होतं, पण दुसऱ्या एका बाईची ओळखपत्रं होती आणि नशीबही होतं. हे विसरून फक्त "जिद्द" म्हटलं तर जे गेले त्यांच्यावर अन्याय होतो.

दुसरी गोष्ट. आजचं जिम्नॅस्टिक्स १९५६ सारखं राहिलेलं नाही. आज उड्या आणि गिरक्या कितीतरी अवघड झाल्या आहेत. १९७६ मध्ये रोमानियाची नादिया कोमानेची चौदाव्या वर्षी ऑलिम्पिक विजेती झाली आणि त्या काळात हा खेळ लहान मुलींचा मानला जाऊ लागला. त्यामुळे "केलेतीला जमलं म्हणजे कुणालाही कधीही जमेल" असंही म्हणता येत नाही.

पण म्हणून "वय गेलं" हेही खरं ठरत नाही. १९९७ पासून मोठ्या आंतरराष्ट्रीय स्पर्धांसाठी मुलींचं वय किमान सोळा असावं लागतं. म्हणजे तेरा वर्षांच्या मुलीला ऑलिम्पिकचं दार अजून उघडलेलंच नाही, मग ते बंद कसं होईल? उझबेकिस्तानची ओक्साना चुसोवितिना ४६ व्या वर्षी टोकियोत आपलं आठवं ऑलिम्पिक खेळली. आपल्या त्रिपुराची दीपा कर्माकर २०१६ मध्ये रिओत व्हॉल्टमध्ये चौथी आली, कांस्यपदक फक्त ०.१५० गुणांनी हुकलं. मग दुखापती, शस्त्रक्रिया, खेळापासून दूर राहण्याचा काळ. आणि २०२४ मध्ये तिसाव्या वर्षी तिने आशियाई स्पर्धेत व्हॉल्टचं सुवर्ण जिंकलं. हे सुवर्ण जिंकणारी ती पहिली भारतीय जिम्नॅस्ट.

मग केलेतींकडून नेमकं काय शिकायचं? मला वाटतं, एवढंच: गेलेली वर्षं मोजायची असतात, पण ती उरलेल्या वर्षांतून वजा करायची नसतात. एकोणीस ते सत्तावीस ही तिची वर्षं गेली. ती कुणी परत दिली नाहीत. तिनेही ती गेली नाहीत असं दाखवलं नाही. पण "आठ वर्षं गेली, म्हणून पुढचीही गेली" असा हिशेब तिने केला नाही. जगणं तिला थोडं नशिबाने मिळालं. मिळालेल्या जगण्यात पुन्हा पहिल्या सरावाला उभं राहणं, हे मात्र तिचं स्वतःचं होतं.

१०. आणि ती विद्यार्थिनी?

तास संपल्यावर ती पुन्हा आली. म्हणाली, "म्हणजे मॅडम, मी ऑलिम्पिकला जाऊ शकते?"

मी तिला खरं सांगितलं. "ते मला माहीत नाही गं. बहुतेक मुली जात नाहीत. पण तुझं वय गेलं असं जो कोणी म्हणतो, त्यालाही ते माहीत नाही. तुला बीमवर उभं राहायला आवडतं का, एवढं तुला माहीत आहे ना?"

ती जरा विचार करून म्हणाली, "आवडतं. पण हात मोडल्यापासून भीती वाटते."

हे उत्तर ऐकून मला बरं वाटलं. कारण आता प्रश्न वयाचा राहिला नव्हता, भीतीचा झाला होता. आणि भीतीवर काम करता येतं. जमिनीवर खडूने १० सेंटीमीटरची पट्टी आखून त्यावर चालण्यापासून सुरुवात करता येते. सध्या आमच्या शाळेच्या व्हरांड्यात अशी एक पट्टी आखलेली आहे. मधल्या सुट्टीत तिच्यावरून आता अर्धी शाळा चालते!

शब्दार्थ

तुळई – आडवा लाकडी खांब
सर्वंकष – सगळ्या प्रकारांचा एकत्रित
वेढा – शत्रूने चारही बाजूंनी घेरणे
आश्रय मागणे – संकटात दुसऱ्या देशाकडे राहण्याची परवानगी मागणे
गहाण ठेवणे – कर्जासाठी वस्तू किंवा घर तारण देणे

स्वाध्याय

१. आग्नेश केलेती यांना १९४०, १९४४ आणि १९४८ च्या ऑलिम्पिकमध्ये का खेळता आलं नाही? तिन्ही कारणं वेगवेगळी लिहा.

२. मेलबर्नमधल्या सर्वंकष स्पर्धेत लातिनिना आणि केलेती यांच्या गुणांत किती फरक होता? तो फरक कोणत्या साधनामुळे पडला असावा?

३. खाशाबा जाधव आणि आग्नेश केलेती यांच्या वाटचालीतली दोन साम्यं आणि दोन फरक सांगा.

४. "जिद्दीपुढे काहीही अशक्य नाही" या वाक्याखाली शिक्षिकेने लाल रेघ का मारली? तुम्हाला ते पटतं का? आठ-दहा ओळींत लिहा.

५. उपक्रम: तुमच्या घरातल्या किंवा शेजारच्या एखाद्या मोठ्या माणसाला विचारा, "तुमचं कोणतं काम मध्येच थांबलं आणि नंतर पुन्हा सुरू केलंत?" त्यांचं उत्तर त्यांच्याच शब्दांत लिहून आणा.

पाचव्या उपक्रमाची उत्तरं शिक्षकांनी वर्गात जरूर वाचून घ्यावीत. आमच्या वर्गात एकाने आपल्या आजीबद्दल लिहिलं होतं. आजीची शाळा चौथीत सुटली होती आणि साठाव्या वर्षी ती नातवाबरोबर बसून इंग्रजी मुळाक्षरं गिरवते आहे. तिलाही कुणीतरी म्हणालं असेलच, "आता काय उपयोग?"

चला तर मग, पुढच्या पाठात भेटूया. तोपर्यंत खेळत राहा!